आत्याची एक्झिट

तिला तिच्या नावानं हाक मारणारं माणूस आता घराबाहेर कुणी उरलं नव्हतं. मालिकेत ती ज्या नात्यानं वावरायची, त्याच नात्यानं सगळे तिला ओळखायचे. एका मालिकेत ती मामी होती, तेव्हा मेकअपमनपासून दारावरच्या रखवालदारापर्यंत जो तो "मामी, चहा घेतलात का?" म्हणून विचारायचा. पुढे ती काकू झाली, मग मोठी आई झाली, मग कुणाची तरी शेजारीण. हल्ली ती आत्या होती. तिच्यापेक्षा वयानं मोठा असलेला लाइटवालासुद्धा तिला आत्या म्हणायचा, आणि तीही "काय रे बाबा" म्हणून बिनदिक्कत ओ द्यायची. तेव्हा आपणही तिला आत्याच म्हणू.

नाती मिळायला कधी अडचण आली नाही. चेहरा असा, की कुठल्याही घरात खपून जावा. अडचण असायची ती नातं सुटताना. मामी संपली ती फोनवर. एका भागात सुनेनं फोन खाली ठेवला, "मामी पोचल्या बरं का परदेशी," म्हणाली, आणि झालं. शेजारणीच्या दाराला एके दिवशी कुलूप दिसलं, कुणी विचारलंही नाही की बाई गेली कुठे. आणि काकूंची कथा तर विचारूच नका. काकूंना जरा बरं वाटत नाहीये, त्या वर पडल्यात, असं कुणीतरी जाता जाता म्हणालं, आणि काकू ज्या वर पडल्या त्या पडल्याच. घरात दोन लग्नं झाली, एक अपघात झाला, हरवलेला मुलगा परत आला, मालिका संपली, तरी काकू काही खाली उतरल्या नाहीत.

"अगं, निदान जेवण तरी पाठवतात का वर?" तिचा नवरा रोज विचारायचा.

सिनेमातही तिनं बरंच काम केलं होतं. नर्स, वसतिगृहाची रेक्टर, दार उघडून "साहेब घरी नाहीत" सांगणारी बाई, वाईट बातमी ऐकून हातातला ग्लास पाडणारी बाई. एका मोठ्या चित्रपटात तिचा चांगला पानभर प्रसंग होता. तो कापला. उरला तो पाण्याचा ग्लास पुढे करणारा एक हात. नवऱ्यानं त्या आठवड्यात इमारतीतल्या प्रत्येक घरी जाऊन सांगितलं, "बघून या हो. या चित्रपटात आमच्या हिचा हात आहे."

तीही हसली होती. कुढत बसणं तिच्या स्वभावात नव्हतं. काम मिळत होतं, लोक मायेनं वागत होते, रस्त्यात एखादी बाई थांबून "तुम्ही त्याच ना?" म्हणत होती. फक्त एक हौस राहून गेली होती, आणि ती तिनं नवऱ्याशिवाय कुणाला सांगितली नव्हती. एकदा, फक्त एकदाच, तिला दारातून जायचं होतं. स्वतःच्या पायांनी, प्रेक्षकांच्या देखत. नाटकवाले ज्याला एक्झिट म्हणतात, ती तिला हवी होती.

कारण ती मुळातली नाटकातली. विशीत होती तेव्हा एका फिरत्या नाटक कंपनीत लागली होती. कंपनीचे दिग्दर्शक मास्तर. ते तालमीला बारा महिने छत्री घेऊन यायचे आणि छत्रीच्या टोकानं फळीवर नटांच्या जागा दाखवायचे. कुणी ऐटीत प्रवेश केला की मास्तर छत्री आपटायचे. "आत यायला काय अक्कल लागते? विंगेतून ढकललं की माणूस आत येतंच. बाहेर कसं जातोस ते दाखव!"

त्या कंपनीच्या एका नाटकात ती घराची थोरली बहीण होती. दुसऱ्या अंकाच्या शेवटी ती बहीण घर सोडून जाते. तालमीत तिनं बाहेर पडताना दार ओढून घेतलं, तशी छत्री आपटली. "दार लावलंस? मग संपलीस की तू! उघडं ठेव. मागे उरलेल्यांना बघत बसू दे." तेव्हापासून प्रत्येक प्रयोगात ती दार सताड उघडं टाकून निघायची. रंगमंचावर कुणी बोलायचं नाही. क्षणभर सगळं थिएटर त्या रिकाम्या चौकटीकडे बघत राहायचं, आणि मग टाळी यायची. स्वतःची टाळी विंगेतल्या अंधारात उभं राहून ऐकणं म्हणजे काय, ते ज्यानं ऐकलीय त्यालाच ठाऊक.

त्याच विंगेत कंपनीचा प्रॉम्प्टर उभा असायचा. काडीसारखा मुलगा, एका हातात नाटकाची वही, आणि नट अडला की कुजबुजत वाक्य पुरवायचं. पण ही बाई कधी अडायचीच नाही. तिच्याशी बोलायला त्याला निमित्तच मिळेना. शेवटी तो तिच्या एक्झिटला दुसऱ्या हातात पाण्याचं भांडं धरून उभा राहायला लागला. वर्षभर पाणी पाजल्यावर त्यांचं लग्न झालं. पुढे कंपनी मोडली, मास्तर गेले, ती छत्री कुणाच्या घरी गेली देव जाणे. प्रॉम्प्टर एका छापखान्यात मुद्रितं तपासायला लागला, आणि ती कॅमेऱ्यासमोर गेली. तिथे तिला कळलं की इथे सगळं आहे, दिवे आहेत, चहा आहे, वेळेवर गाडी आहे. फक्त विंग नाही. जायला जागाच नाही.

आताच्या मालिकेचं घर गावाबाहेरच्या एका जुन्या गोदामात उभारलेलं होतं. घर मोठं झोकदार. जिना असा, की वर चढलं की नाक थेट प्लायवूडला लागावं. मधोमध दिवाणखाना, त्यात गडद हिरवा सोफा. सोफ्याचं डावं टोक आत्याचं. तीन वर्षं ती तिथे बसून लोकर विणत होती. कुटुंबात काहीही घडलं तरी मान वर करायची, बघायची, मान खाली घालायची. गादीला तिथे खळगा पडला होता. सेटवरची नवी मुलं त्या खळग्यात मोबाइल ठेवायची आणि आत्या आली की झटकन उचलायची.

आणि सोफ्यासमोर दार. नक्षीदार, पॉलिश केलेलं, पितळी कडीचं मुख्य दार. ते तीन वर्षांत कधीच पूर्ण उघडलं नव्हतं, कारण त्याच्यामागे काहीच नव्हतं. तारांची वेटोळी, मोडक्या खुर्च्या आणि गोदामाची भिंत. बाहेरून येणारी माणसं बाजूच्या फटीतून यायची, आणि दाराची कडी वाजल्याचा आवाज नंतर घातला जायचा.

त्या दिवशी दिग्दर्शकानं तिला बाजूला बोलावलं. हा टोपीवाला मनुष्य मनानं फार चांगला, आणि म्हणूनच वाईट बातमी सांगायला त्याला धड जमायचं नाही.

"आत्या, कसं आहे ना... कथा जरा पुढे उडी मारतेय."

"आणि मी मागे राहतेय," आत्या म्हणाली.

"तसं नाही हो. घर विकायला काढतात, कुटुंब विखुरतं, मग नवीन घर, नवीन लोक. तुमचं या शुक्रवारपर्यंतच. घर विकायचा मोठा सीन पुढच्या आठवड्यात आहे, पण त्यात तुम्हाला वाक्य नाही. तुमचे चेहरे स्टॉकमधून घेऊ."

"आणि मग? मी जाते कुठे?"

दिग्दर्शकानं टोपी काढून पुन्हा घातली. "सून म्हणेल, आत्या त्यांच्या मैत्रिणीकडे राहायला गेल्या."

तीन वर्षं विणकाम, आणि शेवटी मैत्रीण. कुठली मैत्रीण? या बाईला मालिकेत साधा फोनसुद्धा कधी आला नव्हता. आत्यानं जे कधी मागितलं नव्हतं ते मागितलं.

"मला दारातून जाऊ द्याल?"

"कुठल्या दारातून?"

"त्या. वाक्य नको मला. उठते, चालते, जाते."

त्यानं दाराकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "आत्या, तुम्ही म्हणाल तर मी माझ्या घरचं दार आणून देईन. पण त्याच्यामागे भिंत आहे. ते मोकळं करायचं, बाहेरचा उजेड लावायचा, अर्धा दिवस जाईल. मला अर्धा दिवस कोण देणार?"

"बरं," ती म्हणाली. हे तिचं नेहमीचं उत्तर होतं आणि ती ते फार छान द्यायची.

शुक्रवारी तिचा स्टॉक काढला. हा प्रकार ठाऊक नसेल त्याला सांगायला हवा. मालिकेत कुणीतरी धक्कादायक बोललं की खोलीतल्या प्रत्येकाचा चेहरा दाखवतात, तो दर वेळी कोण टिपत बसणार? म्हणून एकदाच नटाला बसवतात आणि सगळ्या तऱ्हेचे चेहरे काढून ठेवतात. मग लागेल तिथे लागेल तो वापरायचा. साहाय्यक दिग्दर्शक कॅमेऱ्यामागून एकेक मागत होता, आणि आत्या देत होती.

"आत्या, डावीकडे बघा. धक्का! ...छान. आता चिंता. ...राग, पण घरातल्यासारखा, जास्त नको. ...डोळ्यांत पाणी. ...आता हलकं हसू."

कशाचा धक्का, कुणावर राग, हे सांगायची पद्धत नाही. पण आत्या नाटकातली, तिला कारणाशिवाय भुवईसुद्धा हलवता यायची नाही. ती आपली कारणं घरून आणायची. धक्क्याला गॅस चालू राहिल्याचं, रागाला वरच्या मजल्यावरून टपटपणाऱ्या पाण्याचं, डोळ्यांतल्या पाण्याला दूरच्या शहरात राहणाऱ्या लेकीचं. हसण्याला एरवी काहीतरी सापडायचं. त्या दिवशी काही सापडेना. तिनं इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं, आणि नजर दारावर गेली. मग तिच्या मनानं ते दार उघडलं. तारा नाहीत, भिंत नाही. ऊन आहे. आणि आपण निघालोय.

"वा, आत्या!" साहाय्यक म्हणाला. तो सगळ्यांनाच म्हणायचा. तरी तिला बरं वाटलं.

घर विकायचा तो भाग लागला त्या संध्याकाळी नवराबायको घरी चहा घेत होते. नवरा टीव्हीसमोर बसला की अजूनही नटांबरोबर ओठ हलवायचा, आणि वाक्य चुकलं की टीव्हीला दुरुस्त करायचा. पडद्यावर घरचे कर्ते भाऊसाहेब जागचे न हलता, आपल्या आरामखुर्चीतूनच, कापऱ्या आवाजात म्हणाले, "हे घर मी विकलं." धडाम् करून संगीत. थोरला मुलगा, धक्का. सून, डोळ्यांत पाणी. धाकटा, राग. मग आत्या.

आत्या हसत होती.

हलकंसं, गालातल्या गालात. आणि मालिकेच्या रिवाजाप्रमाणे ते तीनदा दाखवलं. दर वेळी आणखी जवळून.

नवऱ्याचं बिस्किट चहात पडलं. "अगं, तू हसलीस!"

"मी नाही हसले."

"अगं, मी बघितलं ना!"

"अहो, मी तिथे नव्हतेच!"

"मग ती कोण होती?"

"मीच होते. पण आधी हसले होते, दुसऱ्याच कशाला तरी!" तिनं कपाळाला हात लावला. "शेवटचं काम होतं माझं. भाऊ घर विकतोय, पोरंबाळं रडताहेत, आणि ही बया हसतेय. लोक काय म्हणतील?"

लोक लगेचच म्हणाले. पहिला फोन लेकीचा. "आई, तू का हसलीस? तुला सगळं आधीपासून माहीत होतं ना? मला तरी सांग!" सकाळी फळवाल्यानं सफरचंदं तोलता तोलता डोळे बारीक केले. "तीन वर्षं आम्हाला गरीब वाटत होतात हो तुम्ही." खालच्या मजल्यावरची बाई जिन्यात आडवीच आली. "घर तुमच्याच नावावर आहे. मी आमच्या यांच्याशी पैज लावलीय, मला तोंडघशी पाडू नका."

दुपारी सेटवरून निरोप आला, लगेच या. आत्या निघाली ती बोलणी खायच्या तयारीनंच.

दिग्दर्शकानं तिला पाहताच हात जोडले. "आत्या, माफ करा. तुमची चूक नाही. एडिटरच्या पडद्यावर तुमची चिंता आणि तुमचं हसू शेजारी शेजारी होतं. घाईत होता. मी त्याला चांगला झापलाय."

"कशाला झापलात? त्याला मिठाई द्या!" मागून आवाज आला. चॅनेलच्या मॅडम आल्या होत्या. चटपटीत बाई, चालताना बोलायच्या आणि बोलताना फोनवर टाइप करायच्या. "काल रात्रीपासून सगळे एकच विचारताहेत, आत्या का हसली? घर विकलं त्याचं कुणाला काही नाही. आत्या, तुम्ही कुठेही जात नाही आहात. तुम्ही आता खलनायिका. घराची कागदपत्रं तुम्ही फिरवलीत. पुढे भाऊसाहेबांच्या दुधात काहीतरी घालायचं. एक वर्ष तर नक्की. टायटलमध्ये एकटीचं नाव, एकटीची मेकअप रूम. बोला."

बोलणार काय? एक वर्ष! एकटीची मेकअप रूम म्हणजे आपला आरसा, आपली खुंटी, दुपारी दार लावून पाय पसरणं. आत्याच्या तोंडाला पाणी सुटलं, खोटं कशाला सांगा. "उद्या सांगते," ती म्हणाली.

चौघींच्या मेकअप रूममध्ये ती पर्स घ्यायला गेली, तर तिथे उलट्या खोक्यावर मालिकेची लेखिका बसलेली. वयानं आत्याच्या लेकीएवढी, केसांत पेन्सिल खोचलेली, चेहरा पार उतरलेला.

"आत्या, मला उद्यापर्यंत कारस्थान लिहायचंय आणि मला एक ओळ सुचत नाहीये. तीन वर्षं तुम्ही विणत बसलाय. तुम्ही कागदपत्रं फिरवलीत कधी?"

"लोकर संपली असेल तेव्हा."

पोरगी हसली, पण लगेच गंभीर झाली. "खरं सांगा ना. तुम्ही कशाला हसला होतात?"

चेहऱ्यामागचं खरं कारण इतक्या वर्षांत तिला कुणी विचारलं नव्हतं. तिनं आरशासमोरची खुर्ची ओढली आणि सांगितलं. दाराचं, उन्हाचं, निघून जाण्याचं. मास्तरांच्या छत्रीचंसुद्धा सांगितलं.

लेखिकेनं केसांतली पेन्सिल काढली. "म्हणजे घर विकलं जाणार म्हणून आत्या खूश आहे?"

"मला काय ठाऊक, लेखिका तू."

"नाही, थांबा... घर आहे तोवर आत्याला जाताच येत नव्हतं. सोफ्याचं टोक तिचं, म्हणून ती बसली. आता घरच गेलं, तर तिला उठवणार कोण आणि अडवणार कोण?" ती उठून उभी राहिली. "आत्या, हे कारस्थानापेक्षा भारी आहे. पण हे लिहिलं तर तुम्ही एका सीनमध्ये निघून जाल. आणि वर्ष जाईल तुमचं."

तेच तर होतं. एका बाजूला वर्षभराचं दूध, दुसऱ्या बाजूला एक दार.

घरी आल्यावर तिनं सगळं नवऱ्यापुढे मांडलं आणि त्याच्या तोंडाकडे बघत बसली. "बोला की. आयुष्यभर दुसऱ्यांना वाक्यं पुरवलीत. आता मला सांगा काय बोलू ते."

त्यानं चष्मा काढून पुसला. "हे पान माझ्या वहीत नाही गं. आणि तुला तरी कधी वाक्य सांगावं लागलं? तू विसरणाऱ्यातली नाहीस."

दुसऱ्या दिवशी ती मॅडमसमोर उभी राहिली. आवाज मागच्या रांगेपर्यंत जाईल इतका होता, नाटकाची सवय.

"मॅडम, मी कधी कुठल्याही कामाला नाही म्हटलेलं नाही. म्हणाल तर दुधात घालीन, चहात घालीन. फक्त मला आधी एकदा दारातून जाऊ द्या. त्या हसण्याचं खरं कारण लोकांना कळू दे. हिनं लिहिलंय, वाचा. मग तुम्हाला वाटलं आत्या हवीय, तर बोलवा. नाही वाटलं तर नका बोलावू."

मॅडमनी लेखिकेची पानं हातात घेतली. चालायच्या थांबल्या. टाइप करायच्याही थांबल्या. वाचून झाल्यावर म्हणाल्या, "माझी एक मावशी होती. आमच्या घरी खिडकीपाशी बसायची." मग एकदम नेहमीच्या सुरात, "एक सीन! आणि प्रेक्षकांचे आकडे पडले तर आत्या परत येते, विषाची बाटली घेऊन. कबूल?"

"कबूल."

"आणि दिग्दर्शकांना म्हणावं, अर्धा दिवस मी दिला."

सुतारानं दाराच्या मागचा पसारा हलवला. भिंत काही हलवता येईना, पण भिंतीपुढे त्यानं आकाशाच्या रंगाचा पडदा ताणला, दोन पायऱ्या ठोकल्या, ऑफिसातली एक मरतुकडी कुंडी आणून ठेवली. लाइटवाला, तोच आत्याहून वयानं मोठा असलेला, शिडीवर चढून दिवा असा लावत बसला की उन्हाची तिरीप बरोबर उंबरठ्यावर पडावी. "आत्या, सकाळचं ऊन देऊ की संध्याकाळचं?" त्यानं वरून विचारलं.

"सकाळचं दे बाबा. मी निघालेय, मावळले नाहीये."

आत्याला एक धास्ती होती. सीनमध्ये समोर भाऊसाहेब होते. हा नट मोठा, पण गुडघ्यांनी आणि सवयीनं जडावलेला. आपलं वाक्य संपलं की तो सरळ आपल्या गाडीत जाऊन बसायचा, समोरच्यानं उरलेलं रिकाम्या खुर्चीशी बोलावं. आरामखुर्चीतून तो मालिकेत कुणासाठी उठला नव्हता. आजही उठेल असं कागदावर नव्हतं.

शॉट सुरू झाला. आत्यानं विणकाम गुंडाळलं, सुया त्यात खोचल्या आणि सोफ्याच्या हातावर ठेवलं. गादीचा खळगा तळव्यानं एकदा थोपटला. हे कुणी सांगितलं नव्हतं. मग ती उठली.

"कुठे निघालीस?" भाऊसाहेबांनी खुर्चीतून विचारलं.

"अजून ठरवलं नाही, दादा. ठरवायला निघालेय."

हे वाक्य लेखिकेचं. ती कॅमेऱ्यामागे पेन्सिल दातांत धरून उभी होती.

"घर विकलं म्हणून रागावलीस?"

"रागावणारी असते तर इतकी वर्षं इथे बसून राहिले नसते." आत्या हसली. तेच हसू, हलकं. "तू विकलंस ते बरं केलंस. मला उठायला निमित्त झालं."

भाऊसाहेबांचं काम इथे संपलं होतं. आत्यानं पाठ फिरवली आणि चालायला लागली. पावलं मोजली नाहीत, ती तिच्या पायांना पाठ होती. पितळी कडी तिनं काढली. दार कुरकुरलं, खरंखुरं, आवाज नंतर घालायची गरज नव्हती. उंबरठ्यावर ती थांबायची होती, मागे वळून बघायची होती, सगळं ठरलं होतं. पण मागे खुर्ची करकरली. कुणीतरी जड माणूस खुर्चीच्या हातांना धरून उभं राहत होतं. आत्यानं ते ऐकलं, आणि तिला कळलं की आता वळायची गरज नाही. जो उठायचा तो उठलाय. ती तशीच उन्हात पुढे गेली. दार सताड उघडं ठेवून.

दोन पायऱ्या उतरली आणि पडद्याच्या आड, प्लायवूडच्या मागच्या अंधारात आली. कान लावून उभी राहिली. कट ऐकू येईना. कुणी हलेना. गोदामात पंख्याचासुद्धा आवाज नव्हता. दिग्दर्शक कट म्हणायचं विसरला होता, आणि सगळे उघड्या चौकटीकडे बघत होते.

अंधारात कुणीतरी तिच्या कोपराला हात लावला. नवरा. त्याला सेटवर यायला तिनं कधी सांगितलं नव्हतं, तोही कधी आला नव्हता. आज लेखिकेनं गुपचूप बोलावून घेतलं होतं. त्याच्या हातात पाण्याचा ग्लास होता.

"विंग आहे की इथे," तो कुजबुजला.

ती पाणी प्यायली. निम्मं अंगावर सांडलं. आणि तेवढ्यात पलीकडून टाळी आली. आधी एक, बहुतेक शिडीवरून, मग सगळ्यांची. मधेच दिग्दर्शकाचा घोगरा आवाज, "कट, कट, अहो कट!" पण ते कुणी ऐकत नव्हतं. भाऊसाहेब दारात येऊन उभे होते, गुडघा चोळत. "बाई, तुम्ही गेलात, आणि मला गाडीत जाऊन बसवेना. हे काय केलंत?"

तो भाग लागला आणि आकडे पडले नाहीत. फळवाला आता विचारत होता, "ठरलं का हो कुठे जायचं ते?" खालच्या मजल्यावरची बाई पैज हरली होती, तरी जिन्यात तिचा हात धरून म्हणाली, "बरं झालं निघालात. मीपण विचार करतेय, निदान आठवडाभर बहिणीकडे जाऊन यावं."

आठवड्याभरात लेखिका घरीच आली. पेन्सिल केसांत, कागद हातात, चप्पल अर्धी दाराबाहेर. मॅडमचा निरोप होता, बाटली नको, पण आत्या कुठे गेली ते लोकांना बघायचंय. आत्या आता एका छोट्या खोलीत एकटी राहणार, लोकरीचं दुकान काढणार, तिच्याकडे घरातली मंडळी एकेक करून येणार. आणि दर वेळी दार तीच उघडणार.

नवऱ्यानं टीव्हीचा आवाज बंद केला. एवढं महत्त्वाचं काही असल्याखेरीज तो तसं करत नसे.

"उद्यापासून सेट उभारतोय," लेखिका म्हणाली. "सुतारदादांनी विचारलंय, आत्यांच्या खोलीत काय काय ठेवू? पलंग, टेबल, दिवा, खिडकी... तुम्हाला काय हवंय ते सांगा."

आत्यानं चहाचं भांडं गॅसवर ठेवलं, तिघांचं पाणी घातलं आणि विचार केला.

"काहीही ठेव म्हणावं," ती म्हणाली. "फक्त सोफा नको."